हुकूमनाम्यापासून बांधापर्यंत

जमिनीचा दावा जिंकणाऱ्याच्या हाती शेवटी एक कागद येतो. प्रतिवादीने दावा मिळकतीचा कब्जा वादीस द्यावा, असे त्यावर लिहिलेले असते आणि खाली मिळकतीचे वर्णन असते: गाव, तालुका, गट नंबर, क्षेत्र, आकार आणि चतुःसीमा. पूर्वेस अमक्याची जमीन, पश्चिमेस ओढा, दक्षिणेस पाणंद, उत्तरेस त्याच गटातील उरलेला हिस्सा. हे वर्णन पुष्कळदा दावा दाखल करताना जुन्या खरेदीखतावरून उतरवून घेतलेले असते. दावा वर्षानुवर्षे चालतो. तेवढ्यात ओढ्याचे पात्र सरकते, पाणंद नांगराखाली जाते, पूर्वेचा शेजारी वारतो आणि त्याच्या तीन मुलांत तीन बांध पडतात. हुकूमनाम्यातल्या चतुःसीमा मात्र जागच्या हलत नाहीत. मग एक दिवस बेलीफ कब्जा वॉरंट घेऊन गावात येतो, पंच गोळा करतो, शेतात उभा राहतो आणि त्याला कळेनासे होते की कोणत्या दगडापासून कोणत्या दगडापर्यंत द्यायचे. तो शेरा मारतो की मिळकतीची ओळख पटत नाही, वॉरंट बजावणी न होता परत. जिंकलेला माणूस पुन्हा कोर्टाची पायरी चढतो. आपल्याकडे अंमलबजावणीच्या अर्जाला दरखास्त म्हणतात. फारसीत या शब्दाचा अर्थच विनंती असा आहे. ज्याच्या बाजूने हुकूम झाला त्यालाही विनंतीपासूनच सुरुवात करावी लागते, हे त्या शब्दाने पहिल्यापासून सांगून ठेवले आहे. हिंदुस्थानात पक्षकाराच्या खऱ्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असे १८७२ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने नोंदवले होते. पुढच्या दीडशे वर्षांत हे निरीक्षण इतक्या वेळा उद्धृत झाले की त्याची धारच गेली.

या दुखण्याचे निदान बहुतेक वेळा ऋणकोचा म्हणजे हरलेल्या पक्षकाराचा लबाडपणा, बेलिफाची ढिलाई आणि कोर्टावरचा कामाचा भार या तीन गोष्टींपाशी थांबते. तिन्ही खऱ्या आहेत. पण इतिहास जरा मागून पाहिला तर आणखी एक कारण दिसते, आणि माझ्या मते ते अधिक मुळातले आहे. जागेवर जाऊन पाहणे आणि हुकूम बजावणे ही एकेकाळी एकाच कामाची दोन अंगे होती. एकोणिसाव्या शतकात ती वेगळी केली गेली. पाहणी दाव्याच्या आत राहिली, तीही मर्जीची; बजावणी दाव्याच्या बाहेर पडली आणि न पाहिलेल्या वस्तूवर चालू लागली. कोर्ट कमिशनर, म्हणजे कोर्टाने जागेवर पाहणीसाठी पाठवलेला माणूस, हा या दोहोंमधला सांधा आहे. त्याला आपण कायम दुय्यम, ऐच्छिक, वेळखाऊ मदतनीस मानत आलो, म्हणून सांधा सैल राहिला.

सीमेचा वाद ही आपल्या कायद्याच्या परंपरेतली फार जुनी बाब. स्मृतिकारांनी व्यवहाराची म्हणजे न्यायप्रविष्ट वादांची जी अठरा पदे सांगितली त्यांत सीमाविवाद हे एक स्वतंत्र पद आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात या वादाचा निर्णय ज्येष्ठ महिन्यात करावा, म्हणजे सीमेच्या खुणा नीट उघड्या असताना करावा, असे सांगितले आहे. त्याच अध्यायात जमिनीखाली पुरून ठेवायच्या गुप्त खुणांची यादी आहे: हाडे, कोंडा, राख, खापऱ्या, कोळसे, वाळू. सीमा दाखवणाऱ्या साक्षीदारांनी तांबडी वस्त्रे नेसावीत, गळ्यात माळा घालाव्यात, डोक्यावर माती घ्यावी आणि मग खरे ते सांगून सीमा ठरवावी. या विधीत धर्मभीतीचा भाग मोठा आहे, पण त्याच्या पोटात एक व्यवहारी शहाणपण आहे: जमिनीबद्दलची साक्ष जमिनीवर उभे राहून द्यायची. हाडाकोळशांची ती यादी वाचताना तर समोर मोजणीदारच उभा राहतो. वर्षे लोटली तरी कुजणार नाही, वाहून जाणार नाही अशीच वस्तू त्याने खुणेसाठी निवडली आहे.

मराठा अमलात हेच शहाणपण गोतसभेच्या आणि मजलशीच्या रूपाने आले. वतनाचा, मानपानाचा किंवा शिवेचा तंटा उभा राहिला की देशमुख, देशपांडे, पाटील, कुलकर्णी, शेटे, महाजन, बलुतेदार जमत; दोन्ही बाजूंचे करीने म्हणजे लेखी कैफियती घेत; साक्षी होत; आणि निवाड्याचा महजर होई. महजर हा शब्दच पाहण्यासारखा आहे. हजर, हजेरी आणि महजर यांचा अरबी धातू एकच. जे लोक समक्ष होते त्यांचा कागद म्हणजे महजर. म्हणून त्यात आरंभी हजर असलेल्यांची नावे येत आणि शेवटी त्यांच्या सह्या किंवा निशाण्या, पाटलाचा नांगर वगैरे. शिवेच्या तंट्यात महाराची साक्ष फार मोलाची धरली जाई, कारण गावाच्या शिवेवर रोजचा पाय त्याचा पडत असे. ज्याला गावकुसाच्या आत घर नव्हते त्याच्याच शब्दावर गावाची हद्द ठरत होती, हा त्या व्यवस्थेतला अन्याय नजरेआड करता येत नाही. पण न्याय करणाऱ्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक होती: ज्याने पाहिले आहे, त्याच्यावाचून हद्द ठरत नाही. विठ्ठल त्र्यंबक गुणे यांनी १९५३ साली प्रसिद्ध केलेल्या मराठ्यांच्या न्यायव्यवस्थेवरील इंग्रजी ग्रंथात या महजरांचा जो अभ्यास केला आहे, त्यातून निवाडा करणारे आणि वस्तू ओळखणारे लोक बरेचसे तेच होते हे उमगते. निवाडा झाला की 'कोणती जमीन' हा प्रश्न नव्याने उभा राहत नसे.

तेव्हा जुने ते सोने असे म्हणायचे आहे का? नाही. या व्यवस्थेला डोळा होता, हात नव्हता. पेशवाई बुडाल्यावर इंग्रज अंमलदार माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी १८१९ साली जिंकलेल्या मुलखाविषयी जो अहवाल लिहिला त्यात पंचायतीचे गुण मोकळेपणाने सांगितले आहेत, आणि तिचा दुबळेपणाही. पक्षकारांकडून निवाडा मान्य करण्याचा राजीनामा आधी लिहून घ्यावा लागे (आज नोकरी सोडताना जो शब्द वापरतो तोच, मूळ अर्थ राजीखुशीने दिलेला लेख), जामीन घ्यावे लागत, आणि तरीही हरलेला अडून बसला तर पंचांच्या हाती काही नसे, सरकारी अंमलदाराने मनावर घ्यावे लागे. पैशाच्या बाबतीत तर माणसे स्वतःच अंमलबजावणी करत. एल्फिन्स्टन यांनी तकाज्याची रीत सविस्तर वर्णिली आहे. धनको आपल्या बरोबरीच्या वा खालच्या ऋणकोला अडवून ठेवी, घराबाहेर पडू देत नसे, जेवू देत नसे, उन्हात बसवी; ऋणको मोठा असला तर त्याच्या दारात स्वतः उपाशी धरणे धरून बसे. मराठीतला तगादा तो हाच, आणि आज सरकारी कचेरीपुढे जे धरणे धरतात त्याचे मूळही या दारापुढच्या बसण्यात आहे. अशा मार्गाने सबळाचे पैसे वसूल होत, दुबळ्याचे बुडत. तेव्हा इंग्रजी अमलाने बजावणी सरकारी हातात घेतली ही सुधारणाच होती, हे नाकारण्यात अर्थ नाही.

पण हात देताना डोळा काढून घेतला गेला. १८२७ साली मुंबई इलाख्याचे रेग्युलेशन आले, पंचायत हळूहळू मागे पडली, आणि १८५९ साली ब्रिटिश हिंदुस्थानासाठी पहिली दिवाणी प्रक्रिया संहिता झाली. न्याय आता तालुक्याच्या किंवा जिल्ह्याच्या ठिकाणी एका इमारतीत बसला. रोखा, खत, जबानी, हुकूमनामा, सगळे कागदावर. गावात जायचे ते कोर्टाच्या शिपायाने किंवा बेलिफाने, आणि त्याने न्याय करायचा नाही, फक्त बजावायचे. एक बारीकशी पण फार बोलकी गोष्ट या काळात घडली. पंच हा शब्द टिकला, काम बदलले. जो पंच निवाडा करत असे तो पंचनाम्यावर सही करणारा साक्षीदार झाला. तो आता फक्त पाहतो. त्याच्या पाहण्यावर काही ठरत नाही.

डोळा नसलेला हात काय करू शकतो हे पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांनी पाहिले. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुपे गावच्या बाजारात दंगा उसळला आणि आजूबाजूच्या गावांत पसरला. शेतकऱ्यांनी सावकारांना गाठून मागितले काय, तर रोखे, खते आणि हुकूमनामे. मिळाले ते जाळले. माणसे मारणे हा त्यांचा उद्देश नव्हता. कागद नष्ट करणे हा होता. यामागे कर्ज होते, कापसाचे उतरलेले भाव होते, वाढवलेला सारा होता. पण दिवाणी कोर्टाची बजावणीही होती. समन्स न पोहोचताच ते पोहोचल्याचा शेरा, त्यावर एकतर्फी हुकूमनामा, मग जप्ती, मग लिलाव, आणि लिलावात बोली बोलणारा बहुधा धनको स्वतःच. सावकाराच्या कर्जापायी मिरासदाराची जमीन कोर्टाने विक्रीला काढावी ही गोष्टच या मुलखात नवी होती. कोर्टाने ती जमीन पाहिलेली नसे, तिची किंमत काय, तिच्यावर किती तोंडे जगतात, कर्जाचे मूळ मुद्दल किती आणि व्याज किती, यातले काही पाहिलेले नसे. पुष्कळदा लिलावापर्यंत जाण्याचीही गरज पडत नसे. हुकूमनामा पेटीत ठेवून त्याच्या धाकावर आणखी जाड रोखा लिहून घेतला की झाले.

चौकशी आयोग बसला आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठीचा हा कायदा कर्जमुक्तीचा म्हणून ओळखला जातो, पण माझ्या विषयाच्या दृष्टीने त्याचे महत्त्व वेगळे आहे. त्याने कोर्टाला कागदामागे पाहायला लावले. कर्जाच्या रकमेबद्दल वाद असेल तर व्यवहाराचा आरंभापासूनचा इतिहास तपासायचाच, अशी सक्ती घातली. पैशाच्या हुकूमनाम्यात शेतकऱ्याला दिवाणी कैदेत टाकणे बंद केले आणि जी जमीन खास तारण दिलेली नाही ती जप्त करण्याला मनाई केली. इतकेच नव्हे, तर खालच्या कोर्टांच्या कामाची जागोजाग जाऊन तपासणी करण्यासाठी खास न्यायाधीशाची यंत्रणा उभी केली. महादेव गोविंद रानडे यांनी या यंत्रणेत काम करताना या जिल्ह्यांतून फिरून कोर्टे तपासली. आधी पाहा, मग बजावा, हा क्रम एका दंग्यानंतर का होईना पुन्हा मान्य झाला. तो शेतकऱ्याच्या कर्जापुरता आणि चार जिल्ह्यांपुरता राहिला, सर्वसाधारण कायद्याचा कणा झाला नाही, ही त्याची मर्यादा.

सर्वसाधारण कायद्यात पाहणीसाठी कमिशनची वाट होती. १८५९ च्या संहितेत ती होती आणि १ जानेवारी १९०९ पासून लागू झालेल्या, आजही चालू असलेल्या १९०८ च्या संहितेत ती कलम ७५ आणि आदेश २६ मध्ये नीट बांधून दिली आहे. वादातला मुद्दा उलगडण्यासाठी, बाजारभाव ठरवण्यासाठी, बेकायदा कब्जाच्या काळातले उत्पन्न काढण्यासाठी कोर्ट कोणालाही जागेवर पाठवू शकते. त्या माणसाला जमिनीत किंवा इमारतीत योग्य वेळी शिरण्याचा, कागद मागवण्याचा, पक्षकारांना तपासण्याचा अधिकार आहे. त्याचा अहवाल आपोआप पुरावा ठरतो आणि रेकॉर्डचा भाग होतो. पटला नाही तर कोर्ट पुन्हा चौकशी करायला लावते. पक्षकार त्याला पिंजऱ्यात उभे करून प्रश्न विचारू शकतात. व्यवहारात बहुतेक वेळा हा कमिशनर म्हणजे एक वकील. कमिशन निघते, फी कोर्टात भरली जाते, दोन्ही बाजूंना तारीख कळवली जाते, ठरल्या वेळी टेप धरला जातो, पायवाट, विहीर, झाडे, भिंतीतल्या खिडक्या, पन्हळ कुणीकडे पडते ते लिहिले जाते, हातनकाशा काढला जातो, पंचांच्या सह्या होतात. पूर्वी बंगालकडे हेच काम अमीन करत.

पण शेतजमिनीच्या बांधाचा प्रश्न आला की वकिलाचा टेप पुरत नाही. तिथे लागतो मोजणीदार, आणि त्याच्यामागे उभी असलेली एकोणिसाव्या शतकातली प्रचंड मेहनत. इंग्रज अधिकारी गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी इंदापूर तालुक्यात १८३६ पासून जी पद्धत बसवली आणि १८४७ च्या संयुक्त अहवालाने जी इलाखाभर रूढ झाली, तिने प्रत्येक शेताला सर्व्हे नंबर, हद्दीचे दगड, टिपण आणि गावनकाशा दिला. ३३ फुटांची साखळी, तिचे १६ आणे, आणि एका चौरस साखळीचा एक गुंठा. या मापाने महाराष्ट्राचा मुलूख शेतन्शेत चालून काढला गेला. साऱ्यासाठी केलेले हे काम न्यायाच्या फार उपयोगी पडले. मोजणीदार आज साखळीऐवजी उपग्रहाशी बोलणारे यंत्र घेऊन येतो, पण त्याला जुने टिपण आणि फाळणी लागतेच, कारण यंत्र फक्त अंतर सांगते. हद्द कुठे होती ते त्या दीडशे वर्षांपूर्वीच्या कागदावर असते. अतिक्रमणाच्या किंवा हद्दीच्या वादात तोंडी साक्षींवर विसंबण्याऐवजी कमिशनर नेमून मोजणी करून घ्यावी हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हरियाणा वक्फ बोर्डाच्या खटल्यात सांगितले, आणि मुंबई उच्च न्यायालयानेही ते वारंवार बजावले आहे.

मग अडते कुठे? अडते ते या तरतुदीच्या जागेवर. १९०८ च्या संहितेत आदेश २६ दाव्यासाठी लिहिलेला होता. अंमलबजावणी आदेश २१ मध्ये, आणि त्यातला माणूस बेलीफ. आदेश २१ मोठा तपशीलवार आहे. डफ किंवा ढोल वाजवून दवंडी द्यावी, वॉरंटाची प्रत ठळक जागी डकवावी, कूळ वहिवाटत असेल तर प्रतीकात्मक कब्जा द्यावा, असे सगळे त्यात आहे. मात्र मिळकत ओळखायची कशी हे बेलिफाच्या आणि धनकोच्या, म्हणजे हुकूमनामा मिळालेल्या पक्षकाराच्या, दाखवण्यावर सोडलेले. धनको बोट दाखवील ती जमीन, असा त्याचा व्यावहारिक अर्थ. बेलिफाने बोटावर विश्वास ठेवला तर शेजाऱ्याच्या जमिनीचा कब्जा दिला जाण्याची भीती. नाही ठेवला तर वॉरंट परत. अंमलबजावणीतही आदेश २६ लागू आहे असे स्पष्ट सांगणारा नियम १८अ संहितेत आला तो १९७६ च्या दुरुस्तीने, १ फेब्रुवारी १९७७ पासून. त्याच दुरुस्तीने अडथळा आणणाऱ्याचे हक्क दरखास्तीतच ठरवायचे, वेगळा दावा करायचा नाही, हेही ठरले. म्हणजे पहिल्या संहितेनंतर ११७ वर्षांनी हाताला अधिकृतपणे डोळा मिळाला, एका ओळीच्या नियमात. तो नियम मिळाल्यावरही सवय बदलली नाही. दरखास्तीत कमिशन मागितले की अजूनही पहिला आक्षेप येतो: हुकूमनामा झाला, आता कसली पाहणी? अंमलबजावणी करणारे कोर्ट हुकूमनाम्याच्या मागे जाऊ शकत नाही.

हा आक्षेप ऐकायला भक्कम वाटतो, पण त्यात दोन गोष्टींची गल्लत आहे. हुकूमनाम्याच्या मागे जाणे म्हणजे हक्क पुन्हा तपासणे. हुकूमनामा ज्या मिळकतीबद्दल बोलतो ती जमिनीवर कुठे आहे हे पाहणे म्हणजे हुकूमनाम्याच्या पुढे जाणे. पहिले निषिद्ध आहे आणि असावे. दुसऱ्यावाचून हुकूमनामा नुसता कागद आहे. वाटपाच्या दाव्यात तर कायद्यानेच हे दोन टप्पे मान्य केले आहेत. आधी प्राथमिक हुकूमनामा हिस्से ठरवतो, मग कमिशनर जागेवर जाऊन सरस-निरस पाहतो. कुणाला विहिरीकडचा तुकडा, कुणाला माळाकडचा जास्त क्षेत्राचा, आणि तरीही तूट राहिली तर रोख रकमेने भरपाई. साराभरणीच्या शेतजमिनीचे वाटप कलम ५४ प्रमाणे कलेक्टरकडे जाते, त्यामागेही विचार हाच की ज्याच्याकडे मोजणी आहे त्याने तोडून द्यावे. घरवाटपात खोली, जिना, परसू पाहिल्याशिवाय हुकूम अंतिम होत नाही हे जर सर्वांना पटते, तर कब्जाच्या हुकूमनाम्यात बांध पाहिल्याशिवाय तो अंतिम कसा मानायचा?

याच्याच जोडीचा दुसरा आक्षेप दाव्याच्या टप्प्यावर येतो: कमिशन हे पुरावा गोळा करण्यासाठी नसते, आपले म्हणणे पक्षकाराने स्वतः सिद्ध करावे. कोर्टांच्या निकालांत हे वाक्य इतके रुळले आहे की त्याच्या आधारे हजारो अर्ज नामंजूर होतात. वाक्यात तथ्य आहे. कब्जा कोणाचा हे कमिशनरने जाऊन शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारून ठरवायचे नाही. ते कोर्टाचे काम आहे, शपथेवरच्या साक्षीचे आहे. पण भिंत आहे की नाही, ती कुणाच्या गटात किती फूट शिरली आहे, रस्ता अडवलेला आहे का, या गोष्टी कोणा पक्षकाराच्या म्हणण्याचा भाग नाहीत. त्या जमिनीवर पडून आहेत. त्यांच्यासाठी दोन्ही बाजूंनी चार-चार साक्षीदार आणून उलटतपासणी करायची आणि शेवटी दोन्ही बाजूंनी परस्परविरुद्ध शपथ घेतली म्हणून संशयाचा फायदा द्यायचा, यात न्यायाची शिस्त नाही, जमिनीकडे पाठ फिरवणे आहे.

तिसरा आक्षेप सर्वांत गंभीर, आणि त्याला टाळता येत नाही: कमिशनर विकत घेता येतो. १९६० साली सर्वोच्च न्यायालयासमोर उत्तर प्रदेशातले एक प्रकरण आले, त्यात हा प्रश्न उघडावाघडा उभा होता. खालच्या कोर्टाने वादीच्या हिशेबाच्या वह्या ताब्यात घेण्यासाठी एका वकिलाला कमिशनर नेमले होते आणि त्याला लाच देऊ केल्याचा आरोप होता. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की वादीच्या वह्या अशा रीतीने ताब्यात घेण्यासाठी कमिशनर नेमण्याचा अधिकार कोर्टाला नव्हताच. नेमणूकच बेकायदा, म्हणून तो लोकसेवक नव्हता, म्हणून तो गुन्हा लागू होत नाही. या निकालाने कमिशनची हद्द आखून दिली आणि ते बरेच झाले: कमिशनर पाहील, लिहील, मोजील, पक्षकाराच्या घरातून पुरावा उचलून आणणारा कोर्टाचा हस्तक होणार नाही. पण लाचेचा प्रश्न तसाच उरतो. त्यावर माझे उत्तर असे की एकट्या माणसाच्या पाहण्यात हा धोका आहेच, आणि म्हणूनच संहितेने त्याला एकटे ठेवलेले नाही. दोन्ही पक्षांना नोटीस, दोघांच्या समक्ष मोजणी, अहवालावर हरकती, उलटतपासणी, फेरचौकशी, या सगळ्या चाळण्या त्याच्या पाठीशी आहेत. बेलिफाच्या शेऱ्याच्या पाठीशी यांतली किती आहेत? पाहणीच नसली की लाच टळते असे नाही. ती फक्त अशा जागी सरकते जिथे तिला कुणी हरकत घेऊ शकत नाही. समन्स पोहोचल्याचे खोटे शेरे ज्या मुलखाने १८७५ आधी भोगले, त्याला हे निराळे सांगायला नको.

उशिराचा आक्षेप उरतो. कमिशनला महिने लागतात, मोजणी खात्याकडे अर्ज साचतात, पावसाळ्यात शेत मोजता येत नाही, अहवाल आला की हरकती. हे खरे आहे. पण वेळ कुठे जातो ते पाहिले पाहिजे. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर जी आकडेवारी आली तिच्याप्रमाणे देशात ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती पडून होत्या, आणि त्यांत सर्वांत मोठा वाटा मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राचा, ३ लाख ४० हजारांच्या वर. ही जिंकलेल्या लोकांची संख्या आहे. त्यातल्या सगळ्या जमिनीच्या नाहीत, पैशाच्या पुष्कळ असतील, आणि जमिनीच्या ज्या आहेत त्याही सगळ्या ओळख न पटल्याने अडलेल्या नसतील. तरी कब्जाच्या दरखास्तीत येणाऱ्या हरकती वाचल्या की वर्णन चुकीचे, क्षेत्र जास्त, गट एकत्रीकरणात नंबर बदलला, मधल्या तुकड्यावर तिसऱ्याचेच घर, हे मुद्दे फिरून फिरून येतात. १९४७ च्या तुकडेबंदी आणि एकत्रीकरणाच्या कायद्याने सर्व्हे नंबरांचे गट झाले, आणि जुन्या खतातले वर्णन व नवा सातबारा यांच्यात अंतर पडले. त्या अंतरात कितीतरी हुकूमनामे अडकले. दाव्याच्या आरंभी एक मोजणी झाली असती तर यातले बहुतेक मुद्दे दहा वर्षांनी उगवले नसते. उशीर पाहणीने होत नाही असे मी म्हणत नाही. पाहणी जेवढी उशिरा, तेवढा उशीर मोठा, एवढे मात्र या इतिहासातून ठामपणे दिसते.

हे सगळे धनकोच्या बाजूचे बोलणे झाले असे वाटू नये. जागेवरची पाहणी जितकी जिंकलेल्याच्या कामाची तितकीच हरलेल्याच्या. संहितेच्या कलम ६० ने ऋणकोच्या काही वस्तू जप्तीबाहेर ठेवल्या आहेत: अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, रूढीप्रमाणे स्त्रीला अंगावेगळे करता येत नाहीत असे दागिने, कारागिराची हत्यारे, शेतकऱ्याची औते, बैल, बियाणे आणि राहते घर. कलम ६२ सांगते की जंगम जप्त करायला सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी राहत्या घरात शिरायचे नाही, आणि पडद्यातल्या स्त्रीच्या खोलीत जाण्याआधी तिला बाहेर पडायला सवड द्यायची. वसुलीपुरताच भाग विकावा, सगळी मिळकत नाही, असेही आदेश २१ सांगतो. पण कोणता भाग पुरेसा, कोणते बैल शेतीला लागणारे, घर राहते की भाड्याने दिलेले, हे ठरवायला कुणीतरी निःपक्षपणे पाहावे लागते. जमिनीचा मोठा तुकडा छोट्या कर्जापायी गेला अशी जी प्रकरणे वरच्या कोर्टांनी रद्द केली, त्यांत कोर्टाने आधी जागा आणि तिची किंमत पाहिलीच नव्हती हे कारण पुन्हा पुन्हा सापडते. दख्खनच्या त्या दंग्यातल्या शेतकऱ्याचे गाऱ्हाणेही मुळात हेच होते.

२२ एप्रिल २०२१ रोजी सरन्यायाधीश शरद बोबडे, न्या. नागेश्वर राव आणि न्या. रवींद्र भट यांच्या खंडपीठाने बेंगळुरूच्या एका मिळकतीच्या प्रदीर्घ वादातून देशातल्या सर्व दिवाणी कोर्टांना काही निर्देश दिले. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, हा त्यातला निर्देश सर्वांच्या तोंडी झाला, कारण त्यात आकडा आहे. मला अधिक मोलाचे वाटतात ते दुसरे दोन. योग्य प्रकरणांत कोर्टाने दाव्यातच कमिशनर नेमून मिळकतीचे नेमके वर्णन आणि तिची स्थिती जाणून घ्यावी; आणि कब्जाचा हुकूमनामा करण्यापूर्वी तो निःसंदिग्ध आहे, त्यात मिळकतीचे स्पष्ट वर्णन आहे, तिची आजची स्थिती ध्यानात घेतलेली आहे, याची खात्री करावी. यात नवे असे थोडेच आहे. हुकूमनाम्यात मिळकत ओळखता येईल असे वर्णन आणि हद्दी किंवा सर्व्हे नंबर असावेत, हे १९०८ च्या संहितेचा आदेश २० सुरुवातीपासून सांगतो आहे. राहिली आहे ती साधी गोष्ट: मोजणी झाल्यावर दोन्ही पक्षांच्या सह्यांनिशी जो नकाशा तयार होतो, तो दाव्याच्या फायलीत निशाणी क्रमांक घेऊन पडून राहतो. तो हुकूमनाम्याला परिशिष्ट म्हणून जोडला, आणि त्याचीच प्रत कब्जा वॉरंटाबरोबर बेलिफाच्या हाती दिली, तर शेतात उभे राहिल्यावर त्याला धनकोच्या बोटाकडे पाहावे लागणार नाही.